एक मिनिट पन्नास सेकंद

मित्रांनो, मी एक जुनं स्टॉपवॉच आहे. मुठीत मावेल एवढं, डोक्यावर एक बटण असलेलं, किल्ली पिळली की चालणारं. बटण दाबलं की माझा काटा धावतो, पुन्हा दाबलं की थांबतो आणि तिसऱ्यांदा दाबलं की शून्यावर येतो. माझं सगळं आयुष्य या तीन दाबांत गेलं. स्वभावानं मी पहिल्यापासून काळजीखोर. ज्याला सेकंदाच्या पाचव्या हिश्शावर लक्ष ठेवायचं असतं, त्याला निवांतपणा कुठून मिळणार?

माझा जन्म जपानमधल्या एका कारखान्यात झाला. बोटीनं मी तैपेईला आलो आणि एका शाळेत कवायतीच्या मास्तरांच्या गळ्यात पडलो. तिथं मी मुलांच्या धावण्याच्या शर्यती मोजल्या. दोनदा फरशीवर आपटलो. मग मास्तरांनी नवं घड्याळ आणलं आणि मला दुरुस्तीवाल्याच्या काचेच्या कपाटात ठेवून दिलं. कुणी विकत घेतलं नाही तर हा माणूस माझी चाकं काढून दुसऱ्या घड्याळात घालेल, या भीतीत मी तिथं चौदा महिने काढले. शेवटी एक मुलगी आली. एकोणीस वर्षांची, आखूड केसांची, हातावर शाईचे डाग असलेली. तिचं नाव पेंग युन-चू. सिंपू गावातल्या, घरात आपली वेगळी बोली बोलणाऱ्या हाक्का लोकांपैकी ती एक. तिला नुकतीच एका सिनेमा कंपनीत नोकरी लागली होती. कुठल्या शॉटला किती सेकंद लागले आणि नटाच्या कुठल्या हातात चहाचा पेला होता, हे लिहून ठेवायचं तिचं काम. तिनं मला कानाशी धरलं, चालवून पाहिलं आणि खिशात टाकलं.

आमच्याकडे त्या काळी सिनेमा आधी मुका काढायचे आणि नंतर तैपेईतल्या एका बंद खोलीत त्याला बोलतं करायचे. त्या खोलीत आवाज देणारी सहा-सात माणसं ठरलेली. एकच बाई म्हणजे सगळ्या सिनेमांतल्या सगळ्या आयांचा आवाज. त्यामुळे शूटिंगच्या जागी बाजार भरलेला असायचा. स्वयंपाकी भाजी परतायचा, सुतार खिळे ठोकायचा, आणि दिग्दर्शक शॉट चालू असतानाच ओरडायचा, "डावीकडे बघ. आता रड. अजून रड, माशी बसल्यासारखी काय रडतेस?" काही नटांना संवाद पाठ नसायचे. ते गंभीर चेहऱ्यानं "एक, दोन, तीन, चार" म्हणायचे, आणि पडद्यावर मात्र तेच ओठ आपल्या दिवंगत वडिलांविषयी बोलायचे. मला हे सगळं बरं वाटायचं. गोंगाटात माझी टिकटिक कुणाला ऐकूच येत नसे.

युन-चू हुशार होती. दोन वर्षांत ती दुसऱ्यांचे संवाद दुरुस्त करायला लागली, आणि पाचव्या वर्षी स्वतः पटकथा लिहायला लागली. मला हातात घेऊन ती खोलीत येरझाऱ्या घालायची, संवाद मोठ्यानं म्हणायची, आणि शेवटच्या शब्दाला मला थांबवायची. बावीस सेकंद. हं, एकोणीसच हवेत. मग तीन शब्द खोडायची. अशा अकरा पटकथा तिनं लिहिल्या. पहिल्या दोहोंवर तिचं नावही छापलं गेलं नाही, पण तिसरीपासून निर्माते तिला शोधत यायला लागले, कारण तिच्या लिखाणात वीतभर फिल्म वाया जात नसे. "हे घड्याळ म्हणजे पेंगताईंचा अर्धा मेंदू," असं एकानं चारचौघांत म्हटलं तेव्हा मी आतून इतका फुललो की त्या दिवशी दोन सेकंद पुढे धावलो. ते कुणाच्या लक्षात येईल की काय, याची धास्ती मात्र आठवडाभर राहिली.

चौतिसाव्या वर्षी ती दिग्दर्शक झाली. शॉट सुरू झाला की तिचा अंगठा आपोआप माझ्या बटणावर पडायचा आणि कागदावर लिहिलेली वेळ भरली की ती म्हणायची, "थांबा." पहिला सिनेमा बरा चालला. दुसरा तिनं आपल्याच गावच्या माणसांवर काढला आणि सिंपूच्या थिएटरात आईला दाखवायला घेऊन गेली. मी तिच्या पिशवीत होतो. सिनेमा संपल्यावर आईनं तिचा हात थोपटला. मग तिनं विचारलं, "छान आहे गं. पण ही माणसं बँकेत कामाला असतात का?"

"नाही आई, शेतकरीच आहेत. असं का विचारतेस?"

"अगं, बोलतात तसं, म्हणून विचारलं. मला निम्मं कळलं नाही. आपली वाटली, आणि तोंड उघडलं की कुणीतरी वेगळीच."

मित्रांनो, पडद्यावर तेव्हा सगळे सरकारी मान्यतेची चिनी भाषा बोलत असत. हाक्का बोली घरात ठेवायची असायची. लहानपणी शाळेत ती बोलली म्हणून युन-चूच्या गळ्यात पाटी अडकवली होती, दिवसभर. त्याच हिवाळ्यात आई गेली. युन-चूकडे तिचे फोटो बरेच होते. आवाज मात्र एवढासाही नव्हता, आणि ही गोष्ट तिला फार लागली.

म्हणून तिसऱ्या सिनेमाच्या वेळी ती हट्टाला पेटली. हा सिनेमा सिंपूतच काढायचा, गावच्याच माणसांना घेऊन, त्यांच्याच बोलीत आणि जागेवरच आवाज धरून. निर्माते काओ-साहेब डोक्याला हात लावून बसले. शेवटी त्यांनी एक अट घातली. दहा दिवस ती म्हणते तसं काढायचं. दहाव्या दिवशी ते स्वतः येऊन आवाज ऐकतील. तो वापरण्यासारखा नसेल तर सगळं पुन्हा त्या बंद खोलीत जाईल, त्याच सहा-सात माणसांच्या तोंडी. "आणि तेव्हा रडायचं नाही," ते म्हणाले. ती म्हणाली, "तेव्हा मी सिनेमाच सोडीन." ती थट्टा करत नव्हती. मी मुठीत होतो, मला तिच्या हाताचा घाम कळत होता.

ऑक्टोबरात आम्ही सिंपूला पोचलो. चांद्र पंचांगातल्या नवव्या महिन्याचं कोरडं वारं सुटलं होतं आणि अंगणाअंगणात बांबूच्या मोठ्या सुपांवर सोललेली पर्सिमनची केशरी फळं वाळत होती. पहिल्या दिवशी रिवाजाप्रमाणे टेबल मांडलं, फळं आणि उकडलेली कोंबडी ठेवली, सगळ्यांनी उदबत्त्या धरून देवाला नमस्कार केला आणि कॅमेऱ्यावरचं लाल कापड काढलं. आजवर त्या टेबलाशी फक्त कॅमेरा असायचा. यंदा ध्वनिमुद्रक लियाओनं आपलं टेपचं यंत्रही शेजारी आणून ठेवलं. मंडळी हसली. लियाओ मात्र डोळे मिटून इतका वेळ उभा राहिला की उदबत्तीची राख त्याच्या बोटांवर पडली.

आणि मग सुरू झाले आमचे हाल. कॅमेरा स्वतःच घरघर करायचा, म्हणून त्याला गोधडीत गुंडाळावं लागलं. ती गोधडी चुंग आपोची. आपो म्हणजे आजी. तिच्याच घरात आम्ही शूटिंग करत होतो आणि सिनेमातली म्हातारीही तीच होती. वय शहात्तर, दात चार, बोटं फळांच्या चिकानं काळी पडलेली.

"याला हुडहुडी भरलीय का?" तिनं विचारलं.

"आवाज करतो, आपो," युन-चू म्हणाली.

"मग औषध द्या. माझा नवराही करायचा. गोधडीनं काही फरक पडत नाही."

पण खरा त्रास माणसांचा होता. आयुष्यभर गोंगाटात काम केलेली ती माणसं. शॉट चालू असताना गप्प बसायचं असतं, हे त्यांच्या हाडात नव्हतंच. कुणी शेंगा फोडायचं, कुणी मोटारसायकल सुरू करायचं. सगळ्यात वाईट म्हणजे, सोळा वर्षांच्या सवयीनं खुद्द युन-चूच बोलायची. पहिल्याच शॉटला ती मधेच म्हणाली, "हं, आता वर बघा." लियाओनं कानांवरचे हेडफोन काढले.

"पेंगताई, आता सिनेमात तुमचंही काम आहे का?"

तिनं जीभ चावली. दुसऱ्यांदा तेच. तिसऱ्यांदाही तेच. चौथ्या शॉटआधी तिनं खिशातला रुमाल काढून स्वतःच्या तोंडाला बांधला आणि माणसं खदखदून हसली. मी हसलो नाही. तिच्या डोळ्यांत पाणी होतं ते मला खालून दिसत होतं.

रुमालानं युन-चू गप्प झाली. हळूहळू स्वयंपाकी गप्प झाला, सुतार गप्प झाला. आणि मग, चौथ्या दिवशी, लियाओ म्हणाला, "काहीतरी वाजतंय. टिक टिक टिक."

मित्रांनो, माझ्या काळजात धस्स झालं.

त्यांनी भिंतीवरचं घड्याळ काढून अंगणात नेलं. तरी टिकटिक. मदतनिसांच्या मनगटावरची घड्याळं काढून घेतली. तरी टिकटिक. तुळईत किडा असेल म्हणून शिडी लावली. आपो म्हणाली, "माझ्या घरातला किडा माणसासारखा वेळेवर खात नाही." ते सगळीकडे शोधत होते आणि मी तिच्या मुठीत होतो, शॉट सुरू झाला की धावत होतो. थांबणं माझ्या हातात नाही. माझं बटण दुसऱ्याच्या अंगठ्याखाली असतं. माझ्यामुळे तिचे शॉट वाया जात होते. माझ्यामुळे काओ-साहेब सगळं त्या बंद खोलीत नेणार होते. सहा, सात, आठ, दिवस सरत होते आणि मला ओरडून सांगावंसं वाटत होतं. पण ओरडायला माझ्याकडे होता तो एवढाच एक आवाज.

नवव्या दिवशी दुपारी शॉट चालू असतानाच लियाओ हेडफोन लावून मायक्रोफोनची काठी हातात घेऊन खोलीभर फिरला. भिंतीपाशी गेला, चुलीपाशी गेला आणि शेवटी युन-चूसमोर येऊन थांबला.

"ताई, मूठ उघडा."

तिनं मूठ उघडली. तिच्या तोंडावर रुमाल होता आणि हातावर मी.

"मला कळलंच नाही," ती रुमाल सोडून म्हणाली. "मी बटण दाबते हेच मला कळत नाही."

"दाबू नका."

"अरे, अंगठा आपोआप जातो. आणि वेळ मोजली नाही तर कुठं थांबवायचं ते मला कसं समजणार? मला दुसरं काही येत नाही, लियाओ."

हे ती अगदी हळू म्हणाली. लियाओनं काठी खाली घेतली.

दहाव्या दिवशी सकाळी काओ-साहेब आले. त्या दिवशीचा प्रसंग आपोचा होता. पूर्वी आमच्या खेड्यांत तान्ह्या मुली दुसऱ्या घरी देऊन टाकत. त्या तिथं वाढायच्या आणि पुढे त्याच घरच्या सुना व्हायच्या. आपोनं आपली मुलगी अशीच दिली होती, चाळीस दिवसांची असताना. युन-चूनं तिच्या तोंडून ते ऐकलं होतं आणि मोजून, खोडून, एक मिनिट पन्नास सेकंदांत बसवलं होतं. शेवटचं वाक्य होतं, "मी दारात उभी राहिले आणि पुन्हा फळं सोलायला बसले." आपो तयार झाली होती, पण तिनं बजावलं होतं, "मी एकदाच सांगेन. पन्नास वर्षांत कुणाला सांगितलं नाही. तुमच्या यंत्राला उचकी लागली तर तो तुमचा प्रश्न."

शॉटआधी युन-चू मला घेऊन स्वयंपाकघरात आली. तांदळाच्या पत्र्याच्या डब्याचं झाकण उघडलं. मला एका फडक्यात गुंडाळलं आणि कोपरापर्यंत हात घालून तांदळात खोल पुरलं. तिचा हात बाहेर निघाला, पुन्हा आत आला, मला चाचपलं, आणि गेला. झाकण बंद झालं.

सोळा वर्षांत पहिल्यांदा शॉट सुरू होताना मी तिच्याजवळ नव्हतो. भिंत लाकडाची होती, म्हणून पलीकडचं ऐकू येत होतं. कॅमेरा गोधडीत घुमायला लागला. आपोचा सुरा फळावर फिरायला लागला. आणि तेवढ्यात काओ-साहेबांचा आवाज आला, "अरे, जरा जवळून घ्या ना म्हातारीला." जुनी सवय. कुणीतरी "शू" केलं. एका डब्यात साडेचार मिनिटांहून थोडी कमीच फिल्म असते, त्यातलं अर्धं मिनिट असं गेलं. मला वाटलं, संपलं, आपो आता सुरा ठेवून उठणार. पण सुरा चालूच राहिला. मग ती बोलायला लागली, आपल्या बोलीत, आपल्या घोगऱ्या आवाजात.

तिनं बाळाला गुंडाळलेल्या लाल कापडाचं सांगितलं. थंडीचं सांगितलं. घ्यायला आलेल्या बाईच्या छत्रीचं सांगितलं, ते तर लिहिलेलंच नव्हतं. आणि मग, "दारात उभी राहिले आणि पुन्हा फळं सोलायला बसले." झालं. मी "थांबा" ऐकायची वाट पाहत राहिलो.

ते आलंच नाही. सुरा थांबला होता. कुणीच काही बोलत नव्हतं. किती वेळ गेला ते मला समजेना. मित्रांनो, माझ्यासारख्याला हे किती भयंकर वाटतं याची तुम्हाला कल्पना यायची नाही. दहा सेकंद झाले की दोन मिनिटं? युन-चू का थांबवत नाही? फिल्म संपेल की. काटा शून्यावर, आजूबाजूला तांदूळ, आणि मी घाबरून गेलेला. पलीकडे कॅमेऱ्याची घरघर बदलली, फडफडली आणि बंद पडली. फिल्म संपली होती. तरी कुणी हललं नाही. लियाओची टेप तेवढी फिरत असणार.

मग आपो म्हणाली, "त्यांनी तिचं नाव बदललं. नव्या घरात नवं नाव. पण मी चाळीस दिवस तिला हाक मारली होती. किउक-मोई. मी तिला किउक-मोई म्हणायचे."

थोडं थांबून ती पुन्हा म्हणाली, "किउक-मोई." या खेपेला ते आम्हाला सांगितल्यासारखं नव्हतं. ती हाक होती.

बऱ्याच वेळानं तिनं विचारलं, "झालं का गं? की परत सांगू?"

"नको, आपो," युन-चू म्हणाली. एका साध्या शॉटचे सात-सात प्रयत्न करायला लावणारी बाई ती.

त्यानंतर काओ-साहेबांनी हेडफोन लावून टेप ऐकली. स्वयंपाकघरातच ऐकली, माझ्या डब्याला टेकून. त्यांना हाक्का बोली येत नव्हती. ती संपूर्ण ऐकून त्यांनी हेडफोन काढले आणि लियाओला विचारलं, "फिल्म संपल्यानंतरचं हे बोलणं आपण त्या बंद खोलीत कुणाकडून म्हणवून घेऊ शकतो का?"

"घेऊ शकतो," लियाओ म्हणाला. "सगळ्या आयांचा आवाज देणारी ती बाई कागदावर असेल तेवढं बोलेल. एक मिनिट पन्नास सेकंदांत संपवेल."

काओ-साहेब थोडा वेळ डब्याच्या झाकणावर बोटं वाजवत राहिले. नंतर म्हणाले, "सोमवारपर्यंत फिल्मचे आणखी डबे पाठवतो. आणि मी मधे बोललो तेवढं कापा."

सिनेमात त्या जागी म्हातारी दिसत नाही. वाऱ्यात वाळणारी फळं दिसतात आणि तिचा आवाज येतो. युन-चूनं पुढे आणखी सहा सिनेमे केले, सगळे जागेवरच आवाज धरून. त्या दिवशी संध्याकाळी तिनं मला तांदळातून काढलं, माझ्या फटीत अडकलेला दाणा काडीनं टोकरून काढला आणि पुसलं. पण शॉटच्या वेळी पुन्हा कधी हातात घेतलं नाही. आता मी तिच्या टेबलाच्या खणात असतो. तेल वाळलंय, काटा पस्तिसाव्या सेकंदाला अडखळतो, आणि खण उघडला की मला अजूनही वाटतं, चाकं काढायला कुणी आलं की काय.

मला राग आला होता, हे कबूल करतो. मी तिला घडवलं आणि तिनं मलाच तांदळात पुरलं, असं मी कितीतरी वर्षं म्हणत होतो. पण खणात विचार करायला वेळ मिळतो. मी त्या दिवशी तिच्या मुठीत असतो तर माझा काटा एक मिनिट पन्नास सेकंदांवर आला असता, आणि ती "थांबा" म्हणाली असती. आपोनं मान डोलावून सुरा पुन्हा हातात घेतला असता. ते नाव तिच्या तोंडातच राहिलं असतं आणि तिच्याबरोबर गेलं असतं.

म्हणून मित्रांनो, माझ्यासारख्या जुन्या वस्तूंची निगा राखा, वर्षातून एकदा तेल घाला, किल्ली द्या. आम्ही इमानानं मोजत राहू. पण तुमच्या घरात एखादं म्हातारं माणूस काही सांगता सांगता गप्प झालं, तर त्याचं संपलंय असं समजून उठू नका.